लगदा, चोथा, साका : हेरेफर्डशायरमधील सायडरची शब्दावली

इंग्लंडच्या पश्चिमेला, वेल्सच्या सीमेला लागून असलेल्या हेरेफर्डशायरमध्ये आम्ही राहायला आलो तेव्हा सायडर म्हणजे सफरचंदाचा आंबवलेला रस, एवढीच माझी माहिती होती. शेजारच्या बागेत दर शरदात थोडी सायडर गाळली जाते आणि त्या कामाला हात कमी पडतात असे कळल्यावर मी निव्वळ कुतूहलापोटी गेले, आणि पहिल्याच दिवशी माझी फजिती झाली. बागेच्या वयस्कर मालकांनी मला ‘चीज’ बांधायला बोलावले. मी ते दुधाचे चीज समजून, हात स्वच्छ धुऊन, थेट त्यांच्या स्वयंपाकघरात जाऊन उभी राहिले. ते मात्र शेडमध्ये लाकडी दाबयंत्रापाशी माझी वाट पाहत होते. त्या संध्याकाळपासून मी एक वही ठेवली आहे. तिच्या डाव्या बाजूला त्यांचा शब्द आणि उजव्या बाजूला मला मराठीत उमगलेला अर्थ लिहिते. उजव्या बाजूला जितकी खाडाखोड आहे, तितके मी या कामात शिकले असे समजायला हरकत नाही.

मुळात ‘सायडर’ या शब्दातच गोंधळ आहे. अमेरिकेत नुसत्या सायडरचा अर्थ बहुधा न आंबवलेला, गढूळसा रस असा होतो आणि मद्य हवे असेल तर ‘हार्ड सायडर’ म्हणावे लागते. ब्रिटनमध्ये सायडर म्हणजे मद्यच. इथल्या करनियमांनुसार तिच्यातील अल्कोहोलचे प्रमाण १.२ टक्क्यांपेक्षा अधिक आणि ८.५ टक्क्यांपेक्षा कमी असावे लागते, आणि सफरचंदाच्या रसाचा अंश किमान ३५ टक्के असला तरी चालतो. उरलेले पाणी आणि साखर असली तरी बाटलीवर ‘सायडर’ असे छापता येते, हे मला फारच उदार वाटते. म्हणूनच छोटे उत्पादक आपल्या सायडरला आवर्जून ‘फुल ज्यूस’ म्हणतात. हे विशेषण ऐकले की समोरचा माणूस कोणत्या बाजूचा आहे ते लगेच कळते.

सायडरची सफरचंदे खाण्याच्या सफरचंदांहून वेगळी असतात. डॅबिनेट, यार्लिंग्टन मिल, फॉक्सव्हेल्प, किंग्स्टन ब्लॅक ही त्यांपैकी काहींची नावे. डॅबिनेटचा पहिला घास घेतल्यावर गोडी जाणवते न जाणवते तोच जिभेवर कोरडे कापड फिरवल्यासारखे होते. ब्रिस्टलजवळ लाँग अ‍ॅश्टन येथे १९०३ मध्ये सायडरच्या अभ्यासासाठी एक संशोधन केंद्र सुरू झाले, ते पुढे १०० वर्षे चालले. तेथील संचालक बार्कर यांनी केलेली या फळांची विभागणी आजही सर्वत्र वापरली जाते. रसातील आम्ल ०.४५ टक्क्यांहून अधिक की कमी, आणि टॅनिन, म्हणजे तोंड कोरडे करणारे द्रव्य, ०.२ टक्क्यांहून अधिक की कमी, एवढ्या दोनच प्रश्नांवर तिचे चार वर्ग पडतात. आम्ल भरपूर पण टॅनिन कमी ते ‘शार्प’, दोन्ही भरपूर ते ‘बिटरशार्प’, आम्ल कमी पण टॅनिन भरपूर ते ‘बिटरस्वीट’ आणि दोन्ही कमी ते ‘स्वीट’.

वहीत मी प्रथम ‘बिटरस्वीट’समोर ‘कडूगोड’ असे लिहिले होते, आणि कित्येक दिवस त्या चवीत कडूपणा शोधत राहिले. कडूपणा त्यात असतो, नाही असे नाही. पण डॅबिनेटसारख्या फळात जे प्रामुख्याने जाणवते ते कडू नसून तुरट असते. बार्कर यांच्या वर्गनावांतील ‘बिटर’ हा शब्द टॅनिनच्या या दोन्ही परिणामांना एकत्र कवेत घेतो. त्यामुळे इथले अनुभवी लोकसुद्धा चव सांगताना ‘हार्ड टॅनिन’ आणि ‘सॉफ्ट टॅनिन’ अशी पुन्हा फोड करतात. त्यांचे ‘हार्ड’ म्हणजे आपले कडू आणि त्यांचे ‘सॉफ्ट’ म्हणजे तुरट. रसायनशास्त्र या फोडीला दुजोरा देते, कारण टॅनिनचे लहान रेणू अधिक कडू लागतात आणि साखळीने जोडले गेलेले मोठे रेणू लाळेतील प्रथिनांना बांधून घेऊन तोंड कोरडे करतात. सहा रसांमध्ये कडू आणि तुरट यांना पहिल्यापासून स्वतंत्र आसने देणाऱ्या भाषेत वाढलेल्या माणसाला ही फोड वेगळी शिकावी लागत नाही. वहीतील हा एकच शब्द असा होता, की जो त्यांनी मला शिकवण्याऐवजी मी त्यांना शिकवला.

फळे झाडावरून तोडत नाहीत. ती आपोआप गळू देतात, किंवा टोकाला आकडा असलेल्या लांब काठीने फांद्या हलवून पाडतात, आणि त्या काठीला ‘पँकिंग पोल’ म्हणतात. गोळा केलेल्या फळांचा ढीग म्हणजे ‘टंप’. या ढिगात फळे काही दिवस ते काही आठवडे मुरू देतात. अंगठा दाबला की साल सहज खचली पाहिजे, अशी मालकांची परीक्षा आहे. शंका असल्यास फळ कापून त्यावर आयोडीनचा थेंब टाकावा. काप काळानिळा झाला तर आत पिष्ट शिल्लक आहे, म्हणजेच साखर अजून पुरती उतरलेली नाही.

मग येते ‘स्क्रॅटिंग’. दातेरी रूळ फिरवून फळांचा चुरा करणाऱ्या यंत्राला स्क्रॅटर म्हणतात. पूर्वी हेच काम दगडी गोल पन्हळीत घोड्याने ओढलेले दगडी चाक करीत असे, आणि तशी चाके आता या भागातील अनेक अंगणांत फुलझाडांच्या कुंड्यांशेजारी शोभेसाठी पडलेली दिसतात. या चुऱ्याला इंग्रजीत ‘पॉमस’ म्हणतात, आणि रस काढून घेतल्यावर जे उरते त्यालाही पॉमसच म्हणतात. मला हे काटकसरीचे वाटले, कारण मराठीत रसासकट असतो तो लगदा आणि रस गेल्यावर उरतो तो चोथा. एकदा मालकांनी ‘पॉमस बाहेर नेऊन टाक’ म्हटल्यावर मी नेमका दाबायचा राहिलेला लगदा गुरांसाठी ठेवलेल्या गाडीत ओतला होता. दोष माझा होता हे मान्य. पण थोडा त्या शब्दाचाही होता.

आता ते चीज. दाबयंत्राच्या पाटावर जाड विणीचे कापड पसरून त्यावर लगद्याचा थर द्यायचा, कापडाची चारही टोके पाकिटासारखी दुमडायची, वर लाकडी पट्ट्यांची जाळी ठेवायची, पुन्हा कापड, पुन्हा लगदा, असे करत रचलेली आठ-दहा थरांची चवड म्हणजे ‘चीज’. पूर्वी ही कापडे घोड्याच्या केसांची विणलेली असत, म्हणून त्यांना अजूनही कोणी कोणी ‘हेअर्स’ म्हणतात, मग ती नायलॉनची का असेनात. चवड जराही तिरपी झाली तर दाब येताच ती एका अंगाला सरकते आणि मधला थर कापड फाडून बाहेर येतो. यंत्राचा दांडा फिरवण्याआधीच नुसत्या वजनाने रस वाहू लागतो, आणि तो पहिला रस चाखण्याचा मान त्या दिवशी सर्वांत नवख्या असलेल्या माणसाला मिळतो.

या रसाला धातू मानवत नाही. लोखंडाचा संबंध आला की टॅनिनशी त्याचा संयोग होऊन सायडर शाईसारखी काळवंडते. पण ते डोळ्यांना दिसते तरी. शिसे दिसत नाही. डेव्हन परगण्यात सायडर पिणाऱ्यांना पोटशूळ आणि पक्षाघाताने ग्रासणारा ‘डेव्हन कॉलिक’ नावाचा आजार अनेक पिढ्या होता, आणि १७६७ मध्ये जॉर्ज बेकर या डॉक्टरांनी दाखवून दिले, की त्याचे मूळ सायडरच्या यंत्रांत वापरलेल्या शिशात आहे. बेकर स्वतः डेव्हनचेच असल्यामुळे आपल्याच मुलखाच्या पेयाला दोष दिल्याबद्दल त्यांच्यावर पुष्कळ टीका झाली.

रस पिंपात गेला की आकड्यांची भाषा सुरू होते. हायड्रोमीटर तरंगवून विशिष्ट गुरुत्व पाहायचे, १.०५० असेल तर ‘टेन फिफ्टी’ म्हणायचे, आणि ते १.००० पर्यंत उतरले तर साधारण साडेसहा टक्के अल्कोहोल होईल असा हिशेब करायचा. सामू ३.८ पेक्षा जास्त असेल तर आधी आंबट रस मिसळून तो खाली आणायचा, कारण त्याच्या वर, नको असलेल्या जंतूंना रोखणारे सल्फाइट जवळजवळ निष्प्रभ ठरते. सल्फाइट घालून विकतचे यीस्ट वापरणारे आणि सालीवरच्या व यंत्रावरच्या यीस्टवर सारे सोपवणारे, असे दोन पंथ इथे आहेत. त्यांच्यातील वाद मी ऐकून घेते आणि गप्प बसते.

ज्या शब्दाने मला सर्वांत जास्त झुलवले तो म्हणजे ‘कीव्हिंग’. ‘कीव्ह’ म्हणजे जुन्या इंग्रजीतील मोठे पिंप, त्यावरून हा शब्द आला; म्हणजे शब्दाच्या पोटात शिरूनही हाती काही लागत नाही. प्रक्रिया अशी, की थंडीच्या दिवसांत लगदा रात्रभर तसाच ठेवतात, त्यामुळे फळातील पेक्टिन रसात उतरते. मग फळातलेच किंवा वरून घातलेले एक विकर पेक्टिनचे रूप पालटते आणि कॅल्शियमच्या साहाय्याने त्याची जेली बनते. आंबण्याची नुकती सुरुवात झालेली असते, तिचे बारीक बुडबुडे ही जेली वर उचलतात आणि पिंपाच्या तोंडावर तपकिरी रंगाचा जाड थर जमतो. फ्रान्सच्या नॉर्मंडी आणि ब्रिटनी प्रांतांत त्याला ‘शापो ब्रँ’, म्हणजे तपकिरी टोपी म्हणतात. वहीत मी आधी ‘साय’ लिहिले, मग ते खोडून ‘मळी’ लिहिले, कारण उसाचा रस उकळताना वर येणारी आणि सोबत सगळा गदळ घेऊन येणारी मळी हीच त्याची खरी बहीण आहे. फरक इतकाच, की मळी वरून काढून टाकतात, आणि इथे टोपीला हातही न लावता तिच्या खालचा आणि तळाच्या गाळाच्या वरचा निवळ रस नळीने दुसऱ्या पिंपात ओढून घेतात. यीस्टला लागणारे बरेचसे पोषण त्या टोपीत आणि गाळात अडकून मागे राहते, त्यामुळे पुढचे आंबणे इतके मंदावते की साखर पूर्ण संपत नाही आणि वरून काहीही न घालता सायडर गोड राहते. एक दिवसही उशीर झाला तर यीस्ट उसळी घेते, टोपी फुटते आणि वर पांढरा फेस येतो. तिला मग ‘पांढरी टोपी’ म्हणतात आणि ती दिसली की कीव्ह हातची गेली असे समजतात. आम्ही तीनदा प्रयत्न केला, आणि तीनही वेळा पांढरीच टोपी पाहिली.

गाळावरून सायडर दुसऱ्या भांड्यात घेणे म्हणजे ‘रॅकिंग’, आणि तळाला बसलेले मेलेले यीस्ट म्हणजे ‘लीज’. यांना नितळणे आणि साका असे बिनचूक शब्द आपल्याकडे आहेत, त्यामुळे वहीतील ही एकच ओळ खाडाखोडीविना आहे. ‘अलेज’ला मात्र शब्द सापडला नाही. पिंपात सायडरच्या वर जी रिती जागा उरते, तिचे हे नाव. रित्या जागेला नाव कशाला हवे, असे मला वाटले होते.

त्याचे उत्तर पुढच्या वसंतात मिळाले. झाडांना मोहोर येतो त्या सुमारास पिंपातली सायडर पुन्हा हलकेच फसफसू लागते, आणि ती झाडांशी सूर जुळवते अशी इथली जुनी समजूत आहे. प्रत्यक्षात हवा उबदार झाल्यामुळे जिवाणू जागे होतात आणि सफरचंदातील तीव्र मॅलिक आम्लाचे सौम्य लॅक्टिक आम्लात रूपांतर करतात. मॅलिक हे नावच सफरचंदाच्या लॅटिन नावावरून पडले आहे. माझ्या छोट्या पिंपातील सायडरही अशी गोलाईवर आलेली होती. वास उत्तम, पहिला घोट उत्तम. आणि गिळल्यानंतर दोन-चार क्षणांनी घशाच्या मागून उंदरांच्या पिंजऱ्यासारखी एक चव वर आली. मालकांनी घोट घेतला आणि एकच शब्द उच्चारला : ‘माउस’. काही जिवाणू आणि यीस्ट जी संयुगे बनवतात ती आंबट सायडरमध्ये असताना वासाला लागत नाहीत. लाळेने सामू वाढला की मगच ती उघडी पडतात, आणि काही माणसांना तर ती कधीच जाणवत नाहीत. यावर उपाय नाही. हवा लागणे हे त्याच्या कारणांपैकी एक, आणि मी ते पिंप हिवाळाभर काठापासून वीतभर रिते ठेवले होते. त्या रात्री वहीत ‘अलेज’समोर मी लिहिले : ‘वीतभर हलगर्जीपणा.’

बाटल्या भरण्याचे काम त्या मानाने सरळ आहे. बाटलीत उरलेली थोडी साखर तिथेच आंबू देणे म्हणजे ‘बॉटल कंडिशनिंग’. दर लिटरमागे साधारण ४ ग्रॅम साखर आंबली, की द्रवाच्या आकारमानाइतका वायू तयार होतो. हे गणित चुकले तर बाटल्या फुटतात, म्हणून शॅम्पेनच्या जाड काचेच्या बाटल्याच वापरतात.

त्याआधी ‘ब्लेंडिंग’ असते. एप्रिलमधील एका शनिवारी शेडमध्ये लहान पेले मांडून प्रत्येक पिंपाची चव घ्यायची, आणि कोणात कोण किती मिसळायचे ते ठरवायचे. पिंपांवर खडूने खुणा करण्याची इथली पद्धत आहे. ‘शार्प’साठी एक, ‘हार्ड’साठी दुसरी. यंदा डॅबिनेटच्या पिंपापाशी मालक बराच वेळ घोट तोंडात घोळवत उभे राहिले. ‘सॉफ्ट टॅनिन’ म्हणतील या अपेक्षेने मी वही उघडली होती. त्यांनी माझ्याकडे पाहिले, आठवून आठवून ‘टुराट’ असे म्हटले, आणि त्याच स्पेलिंगने खडूने पिंपावर लिहूनही टाकले.