तोरणमाळचा घाट, पिवळा दिवा आणि ३८ हजारांचा पंप

"रस्ता एकदम मक्खन आहे, सेडानसुद्धा हसत हसत जाते," असं मला नंदुरबार जिल्ह्यातल्या तोरणमाळबद्दल ज्यांनी ज्यांनी सांगितलं, ते सगळे एकतर हिवाळ्यात गेले असणार किंवा दुसऱ्याच्या गाडीत मागच्या सीटवर झोपून. सप्टेंबरच्या शेवटी, पाऊस उघडता उघडता जाणार असाल तर त्यांचं ऐकू नका. डांबर चांगलं आहे, तक्रार त्याबद्दल नाही. वळणावर डोंगरातून वाहून आलेला मुरूम आणि खडी पसरलेली असते आणि ती ऐन स्टिअरिंग फिरवायच्या जागी असते.

रस्ता सोपा आहे: धुळे, दोंडाईचा, सारंगखेड्याला तापी ओलांडून शहादा, मग म्हसावद, राणीपूर आणि वर. शहाद्यापासून तोरणमाळ साधारण ५५ किलोमीटर. शहाद्यापर्यंत लिहिण्यासारखं काही नाही. डिझेल-पेट्रोल तिथेच टाकीभर घ्या, टायरमधली हवा तिथेच बघा. म्हसावदच्या आसपास ऊस-केळीच्या शेतातून निघालेले ट्रॅक्टर डांबरावर काळ्या मातीचा थर सोडून जातात. वरून भुरभुर पाऊस पडला की त्या मातीचं लोणी होतं. तिथे ताशी चाळीसच्या वर जाणाऱ्याला मी शहाणा म्हणणार नाही, गाडीत कितीही इलेक्ट्रॉनिक्स असो. टायरची नक्षी झिजलेली असेल तर कुठलीही यंत्रणा हवेतून पकड आणून देत नाही.

आता मुद्द्यावर. सातपायरी घाटातल्या एका उजव्या वळणावर मुरमावर मागचं टोक जरा बाहेर सरकलं. डॅशबोर्डवर घसरणाऱ्या गाडीचं चित्र असलेला पिवळा दिवा लुकलुकला, पायाखालून खर्रर्र आवाज आला, इंजिन क्षणभर मंदावलं आणि गाडी सरळ झाली. शेजारी बसलेल्या मेहुण्यांनी लगेच जाहीर केलं, "दाजी, गाडीत काहीतरी बिघडलं." बिघडलं काही नव्हतं. ती यंत्रणा, म्हणजे इलेक्ट्रॉनिक स्टॅबिलिटी कंट्रोल, काम करत होती. कोणी तिला ईएससी म्हणतं, कोणी ईएसपी, कोणी व्हीएससी. पाट्या वेगळ्या, काम एकच. तुम्ही स्टिअरिंग कुठे वळवलंय हे एक सेन्सर सांगतो, गाडी प्रत्यक्षात स्वतःभोवती किती फिरतेय हे दुसरा सांगतो, चारही चाकांचा वेग चार सेन्सर सांगतात. दोन्हींचा हिशेब जुळला नाही की कंट्रोल युनिट एखाद्याच चाकाला ब्रेक लावतं आणि इंजिनचा जोर कमी करतं. मागचं टोक बाहेर जात असेल तर सहसा बाहेरच्या पुढच्या चाकाला, पुढचं तोंड वळणाबाहेर ओढलं जात असेल तर आतल्या मागच्या चाकाला. हे एकेका चाकाला ब्रेक लावणं माणसाच्या पायाला जमणारं काम नाही. १९९५ साली मर्सिडीजच्या महागड्या एस-क्लासमध्ये पहिल्यांदा आलेली ही चीज आता आपल्याकडच्या मध्यम गाड्यांतही मिळते, आणि गाड्यांना सुरक्षिततेचे तारे देणाऱ्या भारत एनकॅप चाचणीत तीन तारे किंवा त्याहून जास्त हवे असतील तर ती लागतेच.

म्हणून पहिली गोष्ट डोक्यात ठेवा. दिवा लुकलुकला तर घाबरू नका, वेग कमी करा. दिवा स्थिर पेटून राहिला तर यंत्रणा बंद आहे: एकतर तुम्ही बटण दाबून ठेवलंय किंवा बिघाड आहे.

माझ्याकडे दुसरा प्रकार झाला, अगदी पुढच्या मोठ्या डाव्या वळणावर. ते इतकं आवळलेलं वळण की स्टिअरिंग पूर्ण डावीकडे नेऊन टाकावं लागतं. तिथे ईएससी आणि एबीएस (जोरात ब्रेक दाबल्यावर चाकं अडकू न देणारी यंत्रणा) दोन्ही दिवे पेटले आणि पेटलेच राहिले. समोरून जीप आली म्हणून चढावर थांबलो, ब्रेकवरून पाय काढला, आणि गाडी मागे. चढावर दोन-तीन सेकंद गाडी धरून ठेवणारी हिल होल्डची सोय याच यंत्रणेवर चालते. ईएससी बसलं की बहुतेक गाड्यांत तीही बसते, आणि हे कोणी सांगत नाही. सवयीने निवांत क्लच सोडणाऱ्या माणसाची घाटात यामुळे चांगलीच तंतरते. हॅन्डब्रेक ओढा, रेस द्या, क्लच घ्या, मग हॅन्डब्रेक सोडा. ड्रायव्हिंग स्कूलमध्ये शिकवलेलं हे कलाकौशल्य विसरला असाल तर घाटाखालीच एखाद्या चढावर सराव करून मग वर जा.

जीपवाला काच खाली करून म्हणाला, "काय व्हयनं भाऊ?" मी दिवा दाखवला. तो हसला. त्याच्या जीपमध्ये एकही दिवा पेटत नव्हता, त्यात स्पीडोमीटरचाही आला.

वर तोरणमाळ छान आहे. यशवंत तलाव, सीताखाई, थंड हवा, संध्याकाळी गरम भाकरी-ठेचा. जा आणि बघा, त्यात माझा सल्ला लागत नाही.

माझा सगळा जीव उतरण्यात होता. एबीएस आणि ईएससीचे दिवे पेटलेले असले तरी साधा ब्रेक लागतो, हे आधी समजून घ्या. गाडी वीस वर्षांपूर्वीच्या गाडीसारखी होते, एवढंच. पण या दोघांच्या जोडीला ब्रेकचा लाल दिवाही पेटला असेल तर गोष्ट वेगळी. ब्रेक ऑइल कमी झालेलं असू शकतं, किंवा पुढच्या-मागच्या ब्रेकचं वाटप सांभाळणारी ईबीडीसुद्धा गेलेली असू शकते, आणि मग जोरात ब्रेक मारल्यावर मागची चाकं आधी अडकून गाडी गरकन फिरू शकते. लाल दिवा असेल तर घाट उतरू नका, वरच मुक्काम वाढवा. माझ्याकडे लाल नव्हता. म्हणून सकाळी ऊन पडून रस्ता सुकल्यावर दुसऱ्या गिअरमध्ये, आवळ वळणांवर पहिल्यात, इंजिनच्या जोरावर उतरलो. न्यूट्रल टाकून पेट्रोल वाचवणाऱ्यांना माझा हात जोडून नमस्कार. ब्रेक हळूहळू दाबायचा. चाक अडकून घसरल्यासारखं वाटलं की सोडायचा आणि पुन्हा दाबायचा. एबीएस असताना जो पाय आपण बिनधास्त रोवून ठेवतो, तो इथे रोवायचा नाही.

आता लुटीचा अध्याय. खाली आल्यावर हायवेवरच्या एका चकाचक गॅरेजात गेलो. मोबाईलला जोडायचा छोटा स्कॅनर पोरानं लावला, त्यात बिघाडाचा काहीच कोड आला नाही, आणि फोरमन दोन मिनिटांत म्हणाला, "साहेब, एबीएसचा पंप गेला. अडतीस हजार. पार्ट नाशिकहून येईल." स्कॅनरचे आठशे वेगळे. मी विचारलं, कोड दिसत नाही तर पंप गेला हे कळलं कसं? उत्तर आलं, "अनुभव आहे साहेब."

हे नीट वाचा, कारण इथेच पैसे जातात. ते स्वस्तातले छोटे स्कॅनर बहुधा फक्त इंजिनचे, म्हणजे पी ने सुरू होणारे कोड वाचतात. ब्रेक आणि ईएससीचे कोड सी ने सुरू होतात आणि त्यासाठी एबीएस मॉड्यूलशी बोलणारं मशीन लागतं. पी कोड नाही म्हणजे पंप गेला, हे अनुमान म्हणजे ताप नाही म्हणून पाय मोडलाय असं सांगण्यापैकी आहे. कोणी पंपाचं नाव घेतलं की एकच मागणी करा: कोडचा आकडा कागदावर लिहून द्या. सी००३५ च्या आसपासचा आकडा, म्हणजे सी००३५, ००४०, ००४५, ००५०, असेल तर बोट बहुतेक चाकाच्या सेन्सरकडे जातंय. खरोखर पंपाच्या मोटरचा कोड असेल तरीही आधी फ्यूज, रिले आणि अर्थिंग बघायला सांगा. कागदावर लिहायला टाळाटाळ झाली तर चावी घ्या आणि निघा.

मी निघायच्या आत त्यांच्या पोरानं "रिसेट करून बघतो" म्हणत बॅटरीची टर्मिनल काढून लावली. एबीएसचा दिवा गेला, ईएससीचा राहिला, आणि फोरमनला नवा हुरूप आला: "बघा, आता ईएससीचं युनिटही गेलं." गेलं काही नव्हतं. बॅटरी सुटली की बऱ्याच गाड्यांत स्टिअरिंगचा कोन मोजणारा सेन्सर आपलं शून्य विसरतो. गाडी सुरू ठेवून स्टिअरिंग एकदा पूर्ण डावीकडे, एकदा पूर्ण उजवीकडे न्यायचं, मधे आणायचं आणि थोडं सरळ चालवायचं. पुष्कळ गाड्यांत दिवा आपोआप जातो. काहींत मशीन लावूनच शून्य बसवावं लागतं. व्हील अलाइनमेंट केल्यानंतर दिवा पेटला तरी आधी हीच शंका घ्या.

माझ्या गाडीत ते फिरवाफिरवीचं काम गॅरेजच्या दारातच केलं. पूर्ण डावीकडे नेल्याबरोबर एबीएसचा दिवा परत हजर. फोरमनचा चेहरा बघण्यासारखा होता, पण मला त्या क्षणी खरा धागा सापडला. दिवा नेहमी पूर्ण डावीकडेच पेटत होता. पंपाला डावं-उजवं कळत नाही. स्टिअरिंगसोबत हलते ती चाकाच्या सेन्सरची वायर.

शहाद्यात एका टपरीवजा दुकानातल्या वायरिंगवाल्याकडे गेलो. त्याच्याकडे जुनं पण बरं मशीन होतं. त्यानं कोड बघितला आणि मग त्याहून महत्त्वाची गोष्ट केली: चारही चाकांचा वेग पडद्यावर लावला आणि मला मोकळ्या मैदानात हळूहळू फिरवायला लावलं. सरळ जाताना चारही आकडे सारखे. डावीकडे पूर्ण वळवलं की उजव्या पुढच्या चाकाचा आकडा धाडकन शून्य. गाडी जॅकवर घेतली, चाक काढलं. सेन्सरची वायर शॉकअपवरच्या क्लिपमध्ये नव्हतीच. ट्रिपच्या आधी पुढचे शॉकअप बदलले होते, तेव्हा मिस्त्रीनं ती क्लिपमधून काढली आणि तशीच लोंबत सोडली. सपाट रस्त्यावर काही कळलं नाही. घाटात प्रत्येक डाव्या आवळ वळणाला तिच्यावर ताण पडत गेला, टायरला घासून वरचं आवरण गेलं, आणि आतली तार तुटायला टेकली.

वायरिंगवाल्यानं तार डाख देऊन जोडली, वर स्लीव्ह चढवली, क्लिपमध्ये बसवली आणि तीनशे रुपये घेतले. त्याचं म्हणणं, "दादा, हे घरी जाण्यापुरतं. हलणाऱ्या जागेचा जोड टिकत नाही, सेन्सर वायरसकट बदला." धुळ्याला पोहोचून बदलला, मजुरीसकट तीन हजारांच्या आत.

तेव्हा पुढचे शॉकअप, ड्राइव्ह शाफ्ट किंवा बेअरिंगचं काम नुकतंच झालं असेल तर घाटात शिरण्याआधी स्टिअरिंग दोन्ही बाजूंना पूर्ण नेऊन चाकाच्या आत टॉर्च मारा. वायर क्लिपमध्ये आहे का, टायरला लागते का, एवढंच बघायचं. बेअरिंग बदललं असेल तर आणखी एक भानगड. सेन्सर जिच्यावरून चाकाचा वेग मोजतो ती चुंबकी रिंग हल्लीच्या बऱ्याच गाड्यांत बेअरिंगच्या सीलमध्येच असते. बेअरिंग उलटं ठोकलं किंवा बिनचुंबकाचं स्वस्त टाकलं तर सेन्सर नवा घातला तरी दिवा जाणार नाही. आणि नव्या प्रकारच्या सेन्सरवर कोणी मल्टिमीटर लावून ओहम मोजायला लागला तर त्याला थांबवा. ती तपासणी जुन्या, कॉइलवाल्या सेन्सरची आहे.

फक्त ईएससीचा दिवा असेल आणि एबीएसचा नसेल, तर चाकांपेक्षा स्टिअरिंगचा सेन्सर, ब्रेक लाइटचा स्विच किंवा बॅटरीचं कमी व्होल्टेज यांच्यावर आधी संशय घ्या. ब्रेक दाबल्यावर मागचे लाल दिवे लागतात का, हे फुकटात बघता येतं. चेक इंजिनचा दिवा सोबत असेल तर आधी इंजिनचं बघा. इंजिनवर भरवसा नसला की काही गाड्या ईएससी स्वतःहून बंद ठेवतात. एका चाकाला वेगळ्या मापाचं टायर घातलं असेल तर तेही काढा, कारण त्या चाकाचा वेग कायम वेगळा दिसतो.

ते ऑफचं बटण कशासाठी, हेही मला तिथे दोघांनी विचारलं. चिखलात चाकं रुतली आणि यंत्रणा इंजिनचा जोरच काढून घेऊ लागली, तर बाहेर निघेपर्यंत दाबायचं. बाहेर आलात की लगेच परत चालू. घाटात "पिकअप चांगला मिळतो" म्हणून बंद ठेवून चालवणारा एक बहाद्दर मला वर भेटला. त्याच्या मागे मी गाडी ठेवली नाही.

जायचं असेल तर नोव्हेंबर गाठा, मुरूम तोवर बराच बाजूला झालेला असतो. सकाळी चढा, सकाळीच उतरा. घाटात मोबाईलच्या रेंजवर विसंबू नका, नकाशा आधीच उतरवून ठेवा आणि शहाद्यातल्या एका वायरिंगवाल्याचा नंबर खिशात घेऊनच वर जा.