दुसऱ्याच्या पैशावर शूर: केल्विन मॅकेन्झी नावाचा संपादक

2000 सालच्या युरो फुटबॉलची कॉमेंट्री टॉकस्पोर्ट या ब्रिटिश रेडिओने कुठून केली माहितीय? अ‍ॅमस्टरडॅमच्या एका हॉटेलच्या रूममधून. स्टेडियममधून कॉमेंट्रीचे हक्क बीबीसीकडे, मग यांनी काय केलं, रूममधल्या टीव्हीवर मॅच लावली, कॉमेंटेटर समोर बसवले आणि मागे प्रेक्षकांचा रेकॉर्ड केलेला आवाज सोडला. ऐकणाऱ्याला वाटावं बाबा ग्राउंडवरच बसलाय. बीबीसी कोर्टात गेली. या रेडिओचा कर्ताधर्ता होता केल्विन मॅकेन्झी, आणि हा माणूस मुळात रेडिओवाला नाहीच, पेपरवाला. 'द सन' या ब्रिटनमधल्या चटपटीत दैनिकाचा संपादक.

त्याचं नाव मला पहिल्यांदा भाच्यामुळे कळलं. भाचा मडगावचा, लिव्हरपूलचा कट्टर फॅन, फॅमिली ग्रुपवर कोणी सनची लिंक टाकली की ग्रुप सोडायची धमकी देतो. आधी वाटलं पोरगं उगाच भाव खातंय, मग वाचत गेलो आणि वाचतच राहिलो, कारण काही वर्षं पणजीत एका दैनिकाच्या डेस्कवर काढलेल्या माणसाला ही गोष्ट हेडिंगपासून हिशेबापर्यंत सगळी ओळखीची वाटते.

मॅकेन्झी 1946 चा, दक्षिण लंडनचा, आईबाप दोघंही पत्रकार. शिक्षणात राम नाही, लहान वयात लोकल पेपरमध्ये लागला, मग सनला सब-एडिटर, म्हणजे बातम्या तपासून हेडिंग देणारा. 1981 मध्ये सनचा मालक रुपर्ट मर्डॉकने त्याला संपादक केलं. खप चाळीस लाखांच्या घरात. हेडिंगच्या बाबतीत माणूस जबरदस्त होता हे कबूल करायलाच हवं. 1982 मध्ये फॉकलंडच्या युद्धात ब्रिटनने अर्जेंटिनाची युद्धनौका बेलग्रानो बुडवली तेव्हा पहिल्या आवृत्तीला एकच शब्द, 'गॉटचा'. आपल्याकडच्या डेस्कच्या भाषेत, 'कसा घावला!' मेलेल्यांचा आकडा वाढेल असं दिसल्यावर रातोरात हेडिंग बदललं, शेवटी 323 माणसं गेली होती. 1986 मध्ये फ्रेडी स्टार नावाच्या कॉमेडियनने कोणाचा तरी हॅमस्टर (उंदरासारखा पाळीव प्राणी) खाल्ला अशी पान एकची लीड. खाल्ला नव्हता. गायक एल्टन जॉनवर बातम्या लावल्या त्या खोट्या निघाल्या, 1988 मध्ये 10 लाख पौंड मोजून मिटवावं लागलं आणि माफी पान एकवर. हे पैसे कोणाचे? मर्डॉकचे. माझा सगळा मुद्दा इथेच आहे, पुढे येतोच.

त्यानंतर हिल्सबरो. 15 एप्रिल 1989, शेफिल्डच्या मैदानात लिव्हरपूल आणि नॉटिंगहॅम फॉरेस्टची सेमीफायनल, गोलच्या मागच्या कुंपणात माणसं चिरडली, आजवरचा आकडा 97. चार दिवसांनी सनच्या पान एकवर 'द ट्रुथ'. खाली काय, तर लिव्हरपूलच्या फॅन्सनी मेलेल्यांचे खिसे मारले, पोलिसांवर मुतले, जीव वाचवणाऱ्या पोलिसाला बडवलं. ही माहिती आली होती शेफिल्डच्या एका न्यूज एजन्सीकडून, तिच्या मागे पोलीस आणि एक स्थानिक खासदार. म्हणजे ज्यांच्यावर चूक शेकणार होती त्यांच्याकडूनच. 'पोलिसांच्या म्हणण्यानुसार' एवढं जरी हेडिंगमध्ये घातलं असतं तरी निदान आरोप म्हणून वाचलं गेलं असतं. आमचा चीफ सब, चहा पीत पीत पान बघणारा माणूस, असल्या बातमीवर एकच विचारायचा, 'हे कोण म्हणता रे? तो तिथे होतो काय?' बस, एवढंच. सनच्या त्या भल्यामोठ्या ऑफिसात हे विचारणारे नव्हते असं नाही, पण संपादकाच्या दराऱ्यापुढे कोणाचं चाललं नाही.

लिव्हरपूलमध्ये पेपरचे गठ्ठे जाळले, दुकानदारांनी ठेवणं बंद केलं, त्या भागातला खप पडला तो पुन्हा कधी धड उठलाच नाही. आणि संपादक? 1994 पर्यंत खुर्चीत. 1992 च्या ब्रिटनच्या निवडणुकीनंतर कॉन्झर्व्हेटिव्ह पक्षाला आम्हीच जिंकून दिली म्हणून पान एकवर छाती बडवली तेव्हा मर्डॉकने म्हणे चांगलंच झापलं, पण काढलं नाही.

1993 मध्ये खासदारांच्या समितीपुढे हिल्सबरोबद्दल माफी मागितली आणि 2006 मध्ये एका जेवणात सांगितलं की ती मालकाने सांगितली म्हणून मागितली, मला काही वाईट वाटलेलं नाही. खरी माफी (खरी म्हणायची तर) 12 सप्टेंबर 2012 ला, हिल्सबरोच्या चौकशीसाठी नेमलेल्या स्वतंत्र पॅनलचा रिपोर्ट आला त्या दिवशी. त्या आठवड्यात आमच्याकडे बेकायदा खाणींवरच्या शहा आयोगाच्या रिपोर्टनंतर सरकारने खाणी थांबवलेल्या, तेव्हा गोव्यातल्या डेस्कवर लिव्हरपूलकडे बघायला कोणाला वेळ होता.

सन सोडल्यावर आधी बीस्कायबी ही सॅटेलाइट टीव्ही कंपनी, तिथे काही महिन्यांत वाजलं आणि बाहेर. मग मिरर ग्रुपचा लाइव्ह टीव्ही, केबलवरचा चॅनल, तिथे बातम्या वाचणाऱ्याच्या मागे सशाच्या ड्रेसमधला माणूस उभा, बातमी चांगली असली तर अंगठा वर, वाईट असली तर खाली. हवामानाचा अंदाज नॉर्वेजियनमधून. 1999 मध्ये चॅनल बंद.

पण 1998 मध्ये याने पार्टनर जमवून, त्यात मर्डॉकची कंपनीही होती, टॉक रेडिओ विकत घेतला, साधारण 2 कोटी 47 लाख पौंडांना. आता स्वतःचा पैसा अडकला आणि माणूस बदलला राव! गप्पांचे महागडे शो गेले, 2000 च्या जानेवारीत पूर्ण स्टेशन खेळाचं केलं, कारण फुटबॉलवर फोन करून भांडणारे लोक फुकट मिळतात. हक्क महाग म्हणून ते हॉटेलच्या रूमचं डोकं. श्रोते मोजायची पद्धत म्हणजे लोकांनी काय ऐकलं ते डायरीत भरायचं, त्यात आपले श्रोते कमी धरतात म्हणून मनगटी घड्याळासारखं यंत्र वापरून वेगळी मोजणी करून घेतली, मोजणाऱ्या संस्थेशी कोर्टात भांडला, हरला. एकेका श्रोत्यासाठी भांडणारा हा तोच, ज्याने एका पानावर अख्खं शहर घालवलं होतं! 2005 मध्ये कंपनी उत्तर आयर्लंडच्या यूटीव्ही या टीव्ही कंपनीला विकली, 9 कोटी 80 लाख पौंडांच्या आसपास. धंदा म्हणून बघाल तर सलाम. मला मात्र राग येतो तो याचाच, की हिशेब याला येत होता, आधीपासूनच येत असणार.

गोव्यात ही गंमत वेगळ्या पद्धतीने चालते. इथे संपादक सहसा मालक होत नाही, पेपर काढणारा बहुतेकदा खाणवाला. 1962 मध्ये गोमंतक काढला चौगुल्यांनी, नवहिंद टाइम्स आणि नवप्रभा धेंप्यांचे, आणि फुटबॉलची टीमसुद्धा धेंप्यांचीच. संपादक राजन नारायण हेराल्ड हे इंग्रजी दैनिक सोडून स्वतःचं गोवन ऑब्झर्व्हर साप्ताहिक काढून बसले, असे मोजकेच. आता मात्र मोबाइल आणि माइक घेऊन पोर्टल काढलेले माजी डेस्कवाले गल्लोगल्ली आहेत.

मॅकेन्झी पुढे सनमध्येच कॉलम लिहायला परत आला आणि एप्रिल 2017 मध्ये लिव्हरपूल शहरातल्याच एव्हर्टन क्लबचा फुटबॉलपटू रॉस बार्कली, ज्याचे आजोबा नायजेरियाचे, त्याची गोरिलाशी तुलना करून बसला. छापलं कधी, तर हिल्सबरोच्या स्मृतिदिनाच्या आदल्या दिवशी. सस्पेंड, मग कायमचा बाहेर. बघा, पेपर पुन्हा दुसऱ्याचा होता.

आमच्या डेस्कवरचा एक जण, पूर्वी इतकी जहाल हेडिंग द्यायचा की मालकाच्या केबिनमधून आठवड्याला बोलावणं यायचं, आता स्वतःचं पोर्टल चालवतो. परवा त्याचं पेज उघडलं. वरपासून खालपर्यंत प्रत्येक हेडिंगच्या शेवटी प्रश्नचिन्ह. फोन करून विचारलं तर म्हणाला, 'पात्रांव, वकिलाची फी आता माझ्या खिशातून जाता.'