मावशींचा फोन

मंगळवार, रात्री साडेअकरा

आज दुपारी सव्वाचारच्या सुमारास, हिंजवडीत, मीटिंगमध्ये नेमकी माझी बोलायची पाळी आलेली असताना मावशींचा फोन आला. दोनदा कापला, तिसऱ्यांदा वाजला तेव्हा चिऊला काही झाले की काय या धास्तीने उठून बाहेर गेले. "ताई, उद्या यायचं जमणार नाही. पोराला ताप आलाय." चाळीस सेकंदांचे बोलणे. त्या आत्ता आहेत कुठे, असे मी विचारले, तर त्या आमच्याच स्वयंपाकघरात होत्या, कणीक मळून झाकून ठेवत होत्या, आणि त्यांच्यापासून दहा पावलांवर, लोटलेल्या दाराआड, नवरा लॅपटॉप घेऊन बसला होता.

"मग दादांना सांगायचं ना, मावशी."

"दादांचं काम चाललंय की."

हे वाक्य मी तेव्हापासून चघळते आहे. त्यांच्या स्वरात कुचेष्टा नव्हती, म्हणून ते अधिक लागले. माझे काय चालले होते मग?

त्याला दोष द्यावा तर तेही अन्यायाचे होईल. चिऊची आंघोळ, शाळेची बस, भाजी हे सगळे तो करतो, आणि आमच्या आईच्या मते तर जरा जास्तच करतो. (या विषयावर आज लिहिणार नाही.) पण तूरडाळ कधी संपेल, सिलिंडर कधी लावला होता, मावशींचा खाडा किती दिवसांचा झाला, हा जमाखर्च माझ्याच डोक्यात बसलेला आहे आणि तो कुठल्याही मोजमापात येत नाही. २०२४ च्या सरकारी वेळ-वापर सर्वेक्षणात घरच्यांसाठी बिनमोबदला घरकाम करणाऱ्या बायकांची रोजची सरासरी २८९ मिनिटे निघाली आणि पुरुषांची ८८. मात्र तिथे दिवसाचे अर्ध्या अर्ध्या तासाचे तुकडे पाडतात आणि निदान दहा मिनिटे चाललेलीच कामे नोंदवतात. माझे चाळीस सेकंद कोण लिहून घेणार? आणि त्यानंतरची वीस मिनिटे, ज्यांत मी पडद्यावरच्या तक्त्याकडे पाहत उद्याच्या डब्याचा विचार करत होते, ती तर नोकरीच्याच खात्यावर पडली असतील.

चांदणी चौकाच्या अलीकडे गाडी अडकून पडली तेव्हा थोडे रडून घेतले, हे इथे प्रामाणिकपणे नोंदवते.

हे सुरू कधी झाले, ते मला आठवते. २०१७ च्या दुरुस्तीने प्रसूतिरजा १२ आठवड्यांची २६ आठवडे झाली होती, त्यामुळे चिऊच्या वेळी मी सहा महिने घरी होते. खाजगी नोकरीतल्या बापाच्या रजेबद्दल कायदा गप्प असल्याने त्याला कंपनीने आपल्या मर्जीने दिलेले पाचच दिवस मिळाले. मावशी त्याच सहा महिन्यांत लागल्या आणि त्यांनी माझा नंबर घेतला. पन्नास किंवा अधिक माणसे असलेल्या ठिकाणी पाळणाघर हवे, असेही त्याच दुरुस्तीत आहे. तिथे दिवसातून चार वेळा जाण्याची मुभा मात्र आईला आहे, बापाचा उल्लेख नाही. म्हणजे कायद्याकडेसुद्धा माझाच नंबर आहे म्हणायचा. रजा मला हवी होती, तिच्याबद्दल तक्रार करणे कृतघ्नपणाचे वाटते, तरीही ते सहा महिने अजून संपलेले नाहीत असे मला आज वाटले.

रात्री त्याला सगळे सांगितले. तो म्हणाला, "एवढंच ना? माझा नंबर देऊ त्यांना." एवढंच ना!

शुक्रवार, रात्री

नंबर दिला. काल मावशींनी खरोखरच त्याला फोन केला, आणि त्याने त्यांना शनिवारपर्यंत रजा दिली, दीड हजार रुपये उचल दिली आणि आजच्या जेवणाचा डबा बाहेरून सांगून ठेवला. मला हे आज संध्याकाळी कळले, तेही दारात डबेवाला पाहून.

आनंद व्हायला हवा होता. प्रत्यक्षात माझ्या तोंडून पहिले वाक्य निघाले ते, "मला विचारायचंस तरी!" कारण गेल्या महिन्याची उचल अजून फिटलेली नव्हती, आणि शनिवारी माझ्या मामेसासूबाई जेवायला यायच्या आहेत, हे त्याला कुठे ठाऊक होते? (त्याच्याच मामी. असो.)

"तुझं काम चाललं होतं ना," तो म्हणाला.

मला हसू आवरेना, आणि त्याला का ते कळेना. मंगळवारी ज्या वाक्यासाठी मी चांदणी चौकात रडले, ते अखेर माझ्या वाट्याला आले तर ते मला पचले नाही. तो जमाखर्च डोक्यात असल्याचा माझा जाच खरा आहे. पण त्याची चावी कुणी मागितली की माझी मूठ आपोआप आवळली जाते, हेही खरेच.

वर आणखी खजील व्हायची वेळ आली ती वेगळ्याच गोष्टीने. त्याने सहज सांगितले, की मावशींच्या मुलाची रक्ततपासणी झाली आहे आणि डेंग्यू नाही. या चार दिवसांत मी एकदाही त्या मुलाची चौकशी केली नव्हती.

म्हणून जेवणे झाल्यावर मावशींना फोन लावला. उचलला त्यांच्या यजमानांनी. मागे टीव्हीवर बातम्या चालू होत्या. मुलाचा ताप उतरला का, असे मी विचारले.

"थांबा हं, तिला देतो," ते म्हणाले.