एक गिलास, एक पुडा

जानेवारी म्हणजे आमच्याकडे उसाचा हंगाम आणि पोरांच्या जुलाबाचाही. कोल्हापूरच्या फुलेवाडी नाक्यावर ट्रॅक्टर-ट्रॉल्यांची रांग लागलेली असते आणि त्या रांगेतून वाट काढत दुचाकीवरनं आई, बाप आणि मध्ये शालीत गुंडाळलेलं पोर, असे तिघे माझ्या दवाखान्यात येतात. पावसाळ्यातले जुलाब वेगळे, थंडीतले वेगळे. थंडीत बहुतेक वेळा रोटा विषाणू असतो. आधी उलट्या, मग ताप, मग पिचकारीसारखी पातळ शी. लस आल्यापासून जोर कमी झालाय, पण अजून संपलेला नाही.

त्या दिवशी सकाळी नऊच्या सुमारास भोगावतीकाठच्या एका गावचं कुटुंब आलं. चौदा महिन्यांचा मुलगा, आई, आज्जी आणि चुलता. आदल्या संध्याकाळीच ते मला दाखवून गेले होते, कागद माझ्याच अक्षरातला होता. वजन ८.९ किलो. पोर तेव्हा हसत होतं, माझा स्टेथोस्कोप ओढत होतं. शरीरातलं पाणी फारसं कमी झालेलं नव्हतं. मी झिंक लिहिलं होतं, रोज २० मिलिग्रॅम, चौदा दिवस. अंगावरचं दूध बंद करायचं नाही म्हणून बजावलं होतं. आणि लिहिलं होतं, ओआरएस.

आता वजन भरलं ८.२. बारा-चौदा तासांत सातशे ग्रॅम उतरलेले.

पण पोर नेहमीसारखं सुकलेलं दिसत नव्हतं, तिथंच मी चक्रावले. इतकं पाणी गेल्यावर पोटावरची चामडी चिमटीत धरून सोडली की सावकाश परत जाते. इथं ती जवळजवळ लगेच जात होती, फक्त हाताला मळलेल्या कणकेसारखी लागत होती. टाळू थोडी खोल. हातपाय गरम, नाडी चांगली. रडणं मात्र वेगळं होतं, बारीक, चिरकं, थांबता थांबत नव्हतं. जरा डोळा लागायचा, हात लावला की दचकून पुन्हा तेच. आणि तहान! सिस्टरच्या हातातला पाण्याचा पेला बघून त्यानं दोन्ही हातांनी झडप घातली.

"ओआरएस पाजलं का?"

"पाजलो की," आज्जी म्हणाली. "दीड पुडा संपिवलाय."

आमच्याकडच्या बायका अशाच बोलतात, 'मी जातो, मी पाजलो'. मी पुण्यात शिकत असताना तोंडातून 'मी येतो' निघालं की मैत्रिणी हसायच्या. आज्जीचं ते 'पाजलो' कानाला गोड लागलं आणि त्या गोडव्यात मी एक वाक्य पुढं गेलेसुद्धा. मग डोक्यात हिशेब आला. दीड पुडा म्हणजे दीड लिटर. उलट्या करणाऱ्या नऊ किलोच्या पोरानं एका रात्रीत दीड लिटर प्यायलं?

"आज्जी, पुडा कशात कालवला?"

"गिलासात."

"आख्खा?"

"आख्खाच की. मागच्या साली तुमीच सांगिटलासा न्हवं, येक पुडा, येक गिलास."

सांगितलं होतं, आणि बरोबरच सांगितलं होतं. मागच्या साली मेडिकलवाल्यानं २०० मिलीची छोटी पुडी दिली होती. या खेपेला त्यानं मोठा पुडा दिला, एक लिटरचा. चिठ्ठीवर मी पाणी किती ते लिहिलेलंच नव्हतं, त्यानं तरी काय बघायचं? दोन्ही पुड्यांवरची अक्षरं मुंगीएवढी, आणि आज्जीला वाचता येत नव्हतं.

नीट कालवलेल्या ओआरएसमध्ये लिटरला ७५ मिलिमोल सोडियम असतं, तेवढीच साखर. साखरेच्या बोटाला धरून मीठ आतड्यातून आत जातं आणि त्यांच्या मागं पाणी. सगळी करामत त्या प्रमाणात आहे. लिटरचा पुडा २०० मिलीच्या गिलासात कालवला की सोडियम पाचपट, ३७५. रक्तात असतं १४०च्या आसपास. असलं पाणी आतड्यात गेलं की ते अंगातलंच पाणी बाहेर ओढून घेतं, म्हणजे जुलाब वाढतात. जुलाब वाढले की माणसं अजून पाजतात. वर आज्जीनं साधं पाणी दिलंच नव्हतं, "औषध पातळ हुईल म्हणून".

रक्त पाठवलं. सोडियम १६४.

एक गोष्ट कबूल करते. आदल्या संध्याकाळी त्या कुटुंबासमोर मी चांगली पाच मिनिटं बोलले होते. कशावर? डब्यातल्या गोड पेयांवर. २०२५च्या ऑक्टोबरमध्ये अन्नसुरक्षेचं बघणाऱ्या एफएसएसएआयनं असल्या पेयांच्या नावात 'ओआरएस' शब्द वापरायला बंदी घातली, तो आम्हा बालरोगवाल्यांचा जिव्हाळ्याचा विषय. ते घेऊ नका, त्यात नुसती साखर, पुडाच घ्या, असं तावातावानं सांगितलं. त्यांनी ऐकलं आणि पुडाच घेतला. पाणी किती, हे सांगायला लागली असती दहा सेकंदं.

चुलता दारात उभा होता. "मॅडम, सलाईन लावा आणि जोरात सोडा. पैशाचं बघू नका." एरवी माझा दिवस सलाईनला नाही म्हणण्यातच जातो. त्या दिवशी नाही म्हणायचं कारण मात्र वेगळं होतं. रक्तात मीठ वाढलं की मेंदूच्या पेशी स्वतःला सावरून घेतात. अशा वेळी भसाभस पाणी सोडलं तर ते त्या पेशींत घुसतं, मेंदूला सूज येते आणि पोराला झटके येतात. सोडियम उतरवायचं तर तासाला अर्ध्या अंकानं, दिवसाला दहा-बारापेक्षा जास्त नाही. पोर शॉकमध्ये नव्हतं, म्हणजे रक्ताभिसरण ढासळलेलं नव्हतं, म्हणून घाईचं सलाईन लागणारही नव्हतं. शहरातल्या माझ्या सरांना फोन केला. मोठ्या दवाखान्यात खाट तयार ठेवायची आणि इथंच नाकातल्या नळीनं नीट कालवलेलं ओआरएस सावकाश द्यायचं, असं ठरलं. हिशेब केला, गेलेलं पाणी आणि रोजचं लागणारं मिळून दोन दिवसांत साधारण अडीच लिटर. म्हणजे तासाला ५० मिली. जुलाब होतील तसं वर थोडं.

चुलत्याला हे समजावणं पोराच्या उपचारापेक्षा अवघड गेलं. सलाईनची बाटली टांगलेली दिसते, थेंब पडताना दिसतात. नाकातली बारीक नळी आणि सिस्टरच्या हातातली सिरिंज, याला कोण उपचार म्हणणार?

शिकत असताना ऐकलेली पश्चिम बंगालमधल्या बनगावची गोष्ट मला त्या रात्री आठवली. १९७१ साली बांगलादेशच्या निर्वासितांच्या छावणीत कॉलऱ्याची साथ आली, शिरेतून द्यायचं सलाईन संपत आलं. डॉ. दिलीप महालनबीस यांनी मीठ-साखरेचं पाणी पिंपांत कालवलं, पिंपांना तोट्या बसवल्या आणि नातेवाइकांनाच पाजायला सांगितलं. तीस टक्क्यांच्या घरातलं मृत्यूचं प्रमाण चार टक्क्यांच्या आत आलं. पाजलं नातेवाइकांनी. पण मिश्रणाच्या पिशव्या कोलकात्यात वजन करून भरलेल्या होत्या, आणि पिंपातलं पाणी मोजणारी माणसं वेगळी होती.

रात्री अकराला सोडियम १५८. बरोबर वेगानं उतरत होतं. दोनच्या सुमारास सिस्टरनं हाक मारली. पोराचा उजवा हात थरथरत होता. धरला की थांबायचा, सोडला की पुन्हा. झटका नव्हता, पण त्या दहा मिनिटांत माझ्याच हातांना घाम फुटला. रक्तातली साखर ठीक निघाली. आज्जी कोपऱ्यात गुडघ्यात डोकं घालून बसली होती. तिला कुणी काही सांगितलं नव्हतं, पण सगळं कळलं होतं.

"माज्याच हातनं झालं न्हवं?"

मी तिच्या शेजारी जमिनीवर बसले. पुड्यावर लिटर लिहिलंय आणि ते सांगायचं मीच विसरले, हे सांगितलं. ती बराच वेळ माझ्याकडे बघत राहिली.

"लिटर? आवो, लिटर म्हणाला असतासा तर! चार म्हशींचं दूध रोज डेअरीला घालतो मी. डोळं झाकून लिटर वततो."

यावर माझ्याकडे काही उत्तर नव्हतं.

सकाळी सोडियम १५३ झालं. नळी काढली आणि तेच ५० मिली चमच्यानं सुरू केलं. पाच मिलीचा चमचा, दर सहा मिनिटांनी एक. आज्जीनं भिंतीवरच्या घड्याळाखाली बैठक मारली आणि चुलत्याला काट्यावर नजर ठेवायला बसवलं. काल सलाईन जोरात सोडा म्हणणारा तो गडी दिवसभर "चमचा" असं ओरडत होता. मधे मधे आई अंगावर पाजत होती. दुपारी मऊ भात दोन घास गेला, संध्याकाळी चांगली शू झाली. तिसऱ्या दिवशी सोडियम १४३, आणि स्टेथोस्कोप पुन्हा ओढला गेला.

घरी सोडायच्या आधी चुलता गावाकडं जाऊन आला. आज्जीनं पिशवीतून ॲल्युमिनियमचं माप काढून माझ्या टेबलावर ठेवलं. जुनं, तळाला पोचा आलेलं. "ह्यानं मोजलं तर चालंल न्हवं? बगा की येकदा."

सिस्टरनं १०० मिलीचा मोजपात्राचा नळा आणला. एक एक करून नऊ नळे ओतले. दहावा निम्मा झाला तोच माप काठोकाठ भरलं.

"पन्नास मिली कमी आहे, आज्जी. ओआरएसला एवढं चालेल."

आज्जीनं एकदा मापाकडं बघितलं, एकदा दाराकडं. मग पदर तोंडाशी नेला.

"ह्येच मापानं गल्लीत रतीब घालतो वो मी. कुणाला सांगू नगासा."