बाबू, दोरा सोड!

संक्रांतीला सेकंड शिफ्ट आमच्याकडे कोणालाच नको असते. दुपारी दोन ते रात्री दहा. पतंग सगळ्यात दाट उडतात ते चार ते सहा या वेळात, आणि आमची तार नेमकी त्याच आभाळात आहे.

मी नागपूरच्या मेट्रोत स्टेशन कंट्रोलर आहे. माझं स्टेशन सीताबर्डीच्या पूर्वेला, जुन्या शहरात. प्रजापती नगरकडे जाणारा ॲक्वा लाइनचा हा भाग 11 डिसेंबर 2022 ला सुरू झाला. वर्धा रोडवरून ज्यांनी मेट्रो पाहिली असेल त्यांना वाटेल, सगळी मेट्रो अशीच असते. तिथे खाली रस्ता, त्यावर उड्डाणपूल आणि त्याच्याही वर गाडी, सगळं एकाच खांबावर. 3.14 किलोमीटरच्या त्या दुमजली पुलाची गिनीज बुकात नोंद झाली. तिथे घरं लांब राहतात. आमच्याकडे तसं नाही. खाली बाजाराचा रस्ता, वर तिकिटांचा मजला, त्याच्या वर प्लॅटफॉर्म. प्लॅटफॉर्मच्या टोकाला उभं राहिलं की समोर लोकांच्या गच्च्या, डोळ्यांच्या रेषेत. कोणाचे पापड वाळत आहेत, कोणाची टाकी भरून वाहते आहे, कोणाचं पोरगं परीक्षेच्या दिवसांत पुस्तक घेऊन फेऱ्या मारतं आहे, हे मला स्टेशनवरून दिसतं. समोरच्या एका गच्चीवर तुळस आहे. सकाळच्या शिफ्टला असले की पहिल्या गाड्यांच्या सुमाराला तिला पाणी घालणाऱ्या आजी दिसतात. तीन वर्षांत आम्ही एकमेकींशी एक शब्द बोललो नव्हतो, पण मान हलवायची ओळख होती.

मी नागपूरच्या महाल भागातली. संक्रांत म्हणजे काय ते मला सांगावं लागत नाही. माझा भाऊ घरच्या अंगणात मांजा सुतायचा. दोन खांबांमध्ये दोरा ताणायचा, काचेची पूड, सरस, रंग, आणि चिंधीने एकेक हात फिरवत जायचं. चक्री धरायचं काम माझं. तो मांजा सुताचा होता. बोट कापायचं, पण जोर लागला की दोरा तुटायचा. आज जो हिरवा, चकचकीत नायलॉन येतो तो तुटत नाही. झाडावर पडला की वर्षभर तिथेच, मानेत अडकला की मान कापेपर्यंत तसाच. राष्ट्रीय हरित लवादाने 2017 मध्ये देशभर त्यावर बंदी घातली. तरी दर जानेवारीत तो आमच्या रुळांवर, खांबांवर, छतावर सापडतो. त्या दिवशी शहरातले उड्डाणपूल दुचाकींसाठी बंद ठेवतात. मेट्रोचा पूल बंद ठेवता येत नाही.

आणि आमच्या पुलावर वीज आहे. घरात 230 व्होल्ट येतात, गाडीच्या डोक्यावरच्या तारेत 25,000. रुळांपासून सुमारे पाच मीटर वर. या तारेला हात लावायचीही गरज नसते. दोन मीटरच्या आत गेलात तरी ती तुमच्यापर्यंत पोचू शकते. प्रशिक्षणात आम्हाला हे पहिल्या दिवशी सांगतात आणि शेवटच्या दिवशी पुन्हा सांगतात.

पाचला दहा कमी असतील. गाड्यांना गर्दी होती. काळ्या साड्या नेसून हळदीकुंकवाला निघालेल्या बायका, पोरं, तिळगुळाचे डबे. वॉकीटॉकीवर सिक्युरिटीचे मामा बोलले, "मॅडम, प्लॅटफॉर्म दोनच्या टोकाला या. घार अडकली."

मी वर गेले. एक दोरा आमच्या तारेवरून आडवा पडून रस्त्याच्या वरून समोरच्या गच्चीवर उतरला होता. त्याच्या मधोमध, रस्त्याच्या बरोबर वर, घार. एक पंख अंगाशी, दुसरा पूर्ण उघडा आणि दोरा त्या पंखाच्या सांध्यात रुतलेला. ती फडफडली की दोरा तारेवर पुढेमागे घासायचा. ओरडत नव्हती. चोच उघडी होती, एवढंच.

दोऱ्याचं दुसरं टोक एका मुलाच्या हातात होतं. दहा-अकरा वर्षांचा, लाल स्वेटर, बोटांना पांढरी चिकटपट्टी गुंडाळलेली. तो दोरा ओढत होता. मला वाटलं पतंग वाचवतो आहे. आणि त्याच्या मागून एक तरुण लांब लोखंडी पाइप घेऊन येत होता, दोरा उचलायला. ती गच्ची आमच्या कठड्यापासून फार लांब नाही. पाइप उभा धरून पुढे वाकला असता तर त्याचं टोक कुठे गेलं असतं, हे मला दिसत होतं.

नायलॉन कोरडा असेल तर विजेला सहज वाट देत नाही. पण त्यावर कशाचा थर आहे, धातूची भुकटी आहे की नाही, हे लांबून पाहून कोणालाच सांगता येत नाही. म्हणून आमच्यासाठी तारेवरचा प्रत्येक दोरा जिवंत.

मामांना म्हटलं, "ईएसपी दाबा." प्लॅटफॉर्मवर ते लाल बटण असतं, दाबलं की गाडी स्टेशनात शिरत नाही. ओसीसीला, म्हणजे आमच्या मुख्य कंट्रोल रूमला, रेडिओवर कळवलं : तारेवर मांजा, टोक माणसाच्या हातात, दोन्ही बाजूंच्या गाड्या रोखा, सप्लाय बंद करा. मग कठड्याशी जाऊन जीव खाऊन ओरडले. काही उपयोग नाही. गल्लीत चार गच्च्यांवर चार डीजे वाजत होते, त्यात "ओ काट"चा गलका. मुलाने माझ्याकडे पाहिलं, हसला आणि हात हलवला.

मी जिना उतरून खाली स्टेशनच्या कंट्रोल रूममध्ये पळाले. उद्घोषणेचा माइक तिथे असतो. प्लॅटफॉर्मचं बटण निवडलं, आवाज शेवटपर्यंत वाढवला.

"समोरच्या गच्चीवरचा लाल स्वेटरवाला बाबू, दोरा सोड. ओढू नको. हातातून सोडून दे. पाइपवाले दादा, पाइप खाली ठेवा. तारेत पंचवीस हजार व्होल्ट आहेत."

कॅमेऱ्यात मला प्लॅटफॉर्म दिसतो, गच्ची नाही. एका कोपऱ्यात फक्त तिच्या कठड्याची कड. मी मामांच्या डोळ्यांनी बघत होते.

"डीजे बंद झाला एक," मामा म्हणाले. मग, "पोरगं घाबरलं मॅडम. तसंच उभं आहे. सोडत नाही जी."

हे माझ्या ध्यानातच आलं नव्हतं. घाबरलेलं मूल मूठ उघडत नाही, आणखी घट्ट आवळतं. मी पंचवीस हजार म्हटलं आणि त्याची बोटं मिटली. आवाज खाली आणला. घरी बोलते तशी बोलले.

"बाबू, तुला कोणी रागावत नाही. बोटं उघड फक्त. दोरा आपोआप जाईल. तुळशीवाल्या आजी, बाजूच्या गच्चीवरच्या आजी, त्याला सांगा नं."

पुढचे काही क्षण वॉकीटॉकीवर नुसती खरखर. मग मामा : "आजी आल्या. नाव घेऊन हाक मारली त्याला." आणि मग, "सोडला मॅडम. पाइप पण ठेवला."

मी खुर्चीवर बसले तेव्हा कळलं की इतका वेळ उभीच होते.

वीज 4 वाजून 58 मिनिटांनी बंद झाली. पण बंद झाली म्हणजे हात लावायला मोकळी झाली, असं नसतं. शेजारच्या मार्गाची तार जिवंत असेल तर तिच्यामुळे बंद तारेतही वीज उतरते, जीव घ्यायला पुरेल इतकी. म्हणून अर्थिंग. त्या दिवशी तारेची देखभाल करणारी ओएचईची गँग मुद्दामच पुढच्या स्टेशनवर बसवून ठेवली होती, ती आली. ओसीसीतल्या कंट्रोलरने मला ब्लॉकचा, म्हणजे कामासाठी मार्ग आणि वीज बंद ठेवण्याच्या परवानगीचा, मजकूर सांगितला, मी शब्दन् शब्द परत म्हणून दाखवला, दोघांनी एकमेकांना आपापला प्रायव्हेट नंबर, म्हणजे निरोप पक्का झाल्याची खूण असलेला आकडा, दिला, दोघांनी लिहून घेतला. हा आकडा हातात आल्याशिवाय कोणीही रुळात उतरत नाही, मग वर घार असो की माणूस. त्यानंतर तारेतली वीज जमिनीत उतरवणारा डिस्चार्ज रॉड. आधी त्याची खालची पकड घट्ट लावायची, मग वरचा हूक तारेला. काढताना उलट, आधी वरचा हूक, मग खालची पकड. हा क्रम चुकलेल्या माणसाला पुन्हा शिकवायची संधी मिळत नाही. कामाच्या दोन्ही बाजूंना असा एकेक रॉड लागला. लटकणाऱ्या घारीकडे बघत ही सगळी पद्धत पाळणं फार जड जातं. गँगमधला एक नवा मुलगा पाय हलवत उभा होता, सारखा वर बघत. त्याच्या मुकादमाने त्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि तो रॉड लागेपर्यंत काढला नाही.

दरम्यान प्लॅटफॉर्मवर दीडशे माणसं. मी रेकॉर्ड केलेली उद्घोषणा लावली नाही. खरं तेच सांगितलं : तारेवर मांजात जखमी घार अडकली आहे, एक मूल थोडक्यात वाचलं आहे, अर्धा-पाऊण तास लागेल. माझा अनुभव असा की कारण कळलं की लोक थांबतात. एका गृहस्थांना रेल्वे स्टेशनवर गाडी गाठायची होती, त्यांना खाली ऑटो करून दिला. दोघं-तिघं कुरकुरले. बाकीचे कठड्यापासून लांब, पण टोकाकडे तोंड करून उभे राहिले. तेवढं शांत प्लॅटफॉर्म मी संध्याकाळी कधी पाहिलं नाही.

फायबरची शिडी लागली. चामड्याचे हातमोजे घालून मुकादमाने दोरा हात हात जवळ घेतला, झटका न देता, जणू विहिरीतून भरलेली कळशी काढतो आहे. घार कठड्यावर आली. ही मोठी पाखरं अशा वेळी नखं मारतात, म्हणून आधी डोळ्यांवर अंधार करावा लागतो. मी कपडा शोधत होते. काळ्या साडीतल्या एका ताईंनी पिशवीतून वाणाचा नवा टॉवेल काढला, कागदाच्या पट्टीसकट. म्हणाल्या, "घ्या, आज वाटायलाच आणलेत."

टॉवेल टाकला तशी ती निपचित झाली. मी जवळून पाहिलं. सांध्याशी दोरा मांसात इतका गेला होता की हिरवा रंग फक्त दोन्ही कडांना दिसत होता. मधे पांढरं. ते हाड होतं. पिसं रक्ताने एकमेकांना चिकटलेली आणि त्या पिसांना बारीक चमक, मांजावरच्या काचेची. तो दोरा जखमेतून ओढायचा नसतो. दोन्ही बाजूंनी वीतभर ठेवून कापायचा आणि बाकी डॉक्टरांवर सोडायचं. चोचीत पाणीही ओतायचं नाही, ते फुप्फुसात जातं. हे मला एका पक्षिमित्राने आदल्या संक्रांतीला शिकवलं होतं. त्यालाच फोन केला. खोक्याला भोकं पाडून घार त्याच्या हवाली केली, तो ती सेमिनरी हिल्सला वनविभागाच्या ट्रान्झिट ट्रीटमेंट सेंटरमध्ये घेऊन गेला. संक्रांतीच्या दिवसांत तिथे अशी खोकी येतच राहतात. 5 वाजून 31 मिनिटांनी तारेत पुन्हा वीज आली.

रात्री आठच्या सुमाराला तुळशीवाल्या आजी वर आल्या, त्या मुलाचा हात धरून. जवळून त्या खूप लहानखुऱ्या वाटल्या. तिळगूळ दिला. मुलगा मान खाली घालून उभा. बोटांवरची चिकटपट्टी काढली होती, तिच्या खुणा राहिल्या होत्या.

"काऊन ओढत होता रे?" मी विचारलं.

"मी तिला सोडवून राह्यलो होतो," तो म्हणाला. "पतंग माझा नव्हताच. माझा तर कटला होता."

मला इतका वेळ वाटत होतं, तो पतंगासाठी ओढतो आहे. त्याच्यावर मनातल्या मनात मी चिडलेही होते. आजी म्हणाल्या, "त्याला काय माहीत मॅडम. आम्हाला तरी कोणी सांगितलं का, तार इतक्या जवळ आहे म्हणून." मला उत्तर देता आलं नाही. स्टेशनात आमच्या भिंतीवर धोक्याचे फलक आहेत, सगळे आमच्या बाजूला तोंड करून. गच्चीवरून ते दिसत नाहीत. पुढच्याच आठवड्यात मी आणि मामा सुट्टीच्या दिवशी त्या गल्लीतल्या अकरा घरी जाऊन आलो. गच्चीवर चढलो, तिथून तार दाखवली, लोखंडी काही उचलायचं नाही, तारेवर दोरा दिसला की स्टेशनला फोन करायचा, नंबर लिहून दिला. दोन घरांनी नायलॉनच्या चक्र्या स्वतःहून आणून दिल्या.

घारीचं ऑपरेशन झालं. सांधा शिवला आहे, जगेल म्हणाले. उडेल की नाही, ते पिंजऱ्यात पंख उघडायला लागली की कळेल. सकाळच्या शिफ्टला मी प्लॅटफॉर्मच्या टोकाशी गेले की तो मुलगा शाळेच्या कपड्यांत गच्चीवर उभा असतो. दोन्ही हात पंखासारखे हलवून विचारतो. मी मान हलवून सांगते, अजून नाही.