घर कितीला पडलं?

इन्कम टॅक्सचे रिटर्न भरायच्या दिवसांत सोलापूरच्या नवी पेठेतल्या आमच्या ऑफिसात पाय ठेवायला जागा नसते. पगारदार माणसं फॉर्म सोळा घेऊन येतात, सोबत बँकेचं व्याजाचं सर्टिफिकेट. ते टेबलावर ठेवता ठेवता कुणीतरी हमखास विचारतं, "मॅडम, तुम्ही पण कर्ज काढूनच घर घेतलंत ना? शेवटी कितीला पडलं हो?" पूर्व भागातले माझे जुने लोक मॅडम म्हणत नाहीत, अक्का म्हणतात. प्रश्न मात्र तोच.

इतकी वर्षं "पडलं बाबा महागात" म्हणून वेळ मारून नेली. रांगेत पाच माणसं उभी असताना दुसरं काय सांगणार? पण परवा ज्याने विचारलं तो दुपारी फ्लॅटच्या बुकिंगचं टोकन द्यायला निघाला होता. हातात बिल्डरचं गुळगुळीत माहितीपत्रक, आणि त्याच्या कोपऱ्यात पेनने एकच आकडा लिहिलेला: हप्ता. तर तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. वही समोर घेऊनच बसले आहे.

२००४ च्या डिसेंबरात आम्ही जुळे सोलापुरात फ्लॅट घेतला. किंमत ७ लाख १० हजार. १ लाख १० हजार आमचे, त्यातले चाळीस हजार सासूबाईंच्या पाटल्या मोडून आलेले. उरलेलं ६ लाखांचं कर्ज, साडेसात टक्क्यांनी, वीस वर्षांसाठी. हप्ता ४,८३४ रुपये, आणि आम्हा दोघांचा मिळून पगार तेव्हा साडेनऊ हजार. महिन्याच्या सात तारखेला हप्ता गेला की आठ तारखेपासून शेंगाचटणी आणि भाकरी, असं आमच्याकडे गमतीत म्हणायचे. गंमत फार नव्हती.

लोकांचे हिशेब करणारी मी, स्वतःच्या कर्जाचा उतारा तीन वर्षं उघडून पाहिला नाही. हप्ता वेळेवर जातोय म्हणजे कर्ज फिटतंय, एवढीच समज. जानेवारी २००८ मध्ये यांच्या ऑफिसात कसलासा कागद हवा होता म्हणून उतारा काढला. शेवटची ओळ डिसेंबरची. हप्ता ४,८३४. त्यातलं व्याज ४,७५६. मुद्दलात जमा, ७८ रुपये.

अठ्ठ्याहत्तर! गड्ड्याच्या जत्रेत दोन पोरांना पाळण्यात बसवून भेळ चारली तरी त्याहून जास्त जातात. मला वाटलं छपाईची चूक आहे, एखादं शून्य गळलं असेल. मग खाली उरलेल्या हप्त्यांची संख्या वाचली: ४८४. वीस वर्षांचे हप्ते २४०, त्यातले ३६ भरून झालेले, म्हणजे २०४ उरायला हवेत. ४८४ म्हणजे चाळीस वर्षं. मी तेव्हा ३१ वर्षांची होते. कर्ज फिटेल तेव्हा ७१.

दुसऱ्या दिवशी रजा टाकून बँकेत गेले. तिथले साहेब शांतपणे म्हणाले, "ताई, दर वाढत गेले, तरी तुमचा हप्ता आम्ही एक रुपयाने वाढू दिला नाही. गिऱ्हाइकाला त्रास नको म्हणून मुदत वाढवली." दर साडेसातवरून दहाच्या आसपास गेला होता. मला फोन करून कुणी सांगितलं नाही याचा राग आला खरा, पण पत्रं आली होती. ती आम्ही न वाचता लाइटबिलांच्या तारेला टोचून ठेवली होती. घरी येऊन ती तार उपसली तेव्हा तीन निघाली.

इथे जरा थांबून आतलं यंत्र बघा, कारण हप्त्यात ते दिसत नाही. व्याज दर महिन्याला उरलेल्या मुद्दलावर लागतं. हप्त्यातून आधी व्याज वळतं होतं, मग जे उरेल ते मुद्दलाला. परवाच्या माणसाचंच उदाहरण घेते. २५ लाख, साडेआठ टक्के, २० वर्षं. हप्ता २१,६९६. पहिल्या महिन्याचं व्याज १७,७०८, मुद्दल ३,९८८. पाच वर्षांनी त्याने १३ लाख भरलेले असतील आणि कर्ज उतरलेलं असेल जेमतेम ३ लाखांनी. दहा वर्षं झाली, अर्धा रस्ता संपला म्हणून पेढे वाटावेत, तर बाकी असते साडेसतरा लाख! वीस वर्षांची एकूण भरपाई ५२ लाख ७ हजार, म्हणजे व्याजच २७ लाखांच्या वर. हे सगळं दर जागचा हलला नाही तर. आणि वीस वर्षांत दर जागचा हलला नाही असं मी तरी पाहिलेलं नाही.

त्यामुळे "हप्ता किती बसतो?" हा प्रश्न मला अर्धवट वाटतो. जास्त मुदत घेतली की हप्ता कमी बसतोच. किती महिने बसणार, हे कुणी विचारत नाही. पाव टक्क्यासाठी चार बँका फिरणारी माणसं मुदत मात्र पंचवीस, तीस वर्षं, बँक देईल तेवढी घेऊन येतात.

याच यंत्राची दुसरी बाजू सुखाची आहे. वरच्याच कर्जात पहिल्या वर्षाच्या शेवटी वेगळे १ लाख भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर मागचे २१ हप्ते गळतात. साडेचार लाखांच्या वर रक्कम झाली ती. तेच १ लाख पंधरा वर्षांनी, हात सैल झाल्यावर भरले तर गळतात जेमतेम ७. लोक नेमकं उलटं करतात. सुरुवातीला पडदे, फर्निचर, वास्तुशांतीला चारशे पानं, आणि कर्ज आटोपत आल्यावर "आता एकदाचं मिटवून टाकू". एवढंही जमत नसेल तर वर्षाला एक हप्ता जादा भरा. २० वर्षांचं कर्ज १६ वर्षं ८ महिन्यांत संपतं आणि सव्वापाच लाख वाचतात. बोनसचा त्याहून चांगला उपयोग मला सुचलेला नाही. पूर्वी आधी पैसे भरले तर दंड लावायचे. जून २०१२ मध्ये रिझर्व्ह बँकेने बँकांना बदलत्या दराच्या गृहकर्जावर तो लावायला मनाई केली. भरताना मात्र लेखी द्या की मुदत कमी करा, हप्ता नको.

माझे ७८ रुपये मला पुन्हा दिसले ते २०२३ मध्ये. अशोक चौकाकडचा एक पोरगा, वडील आयुष्यभर मागावर टॉवेल विणत आले, हा आयटीत. २०२१ मध्ये दर तळाला असताना ६.९ टक्क्यांनी त्याने २५ लाख काढले होते, हप्ता १९,२३३. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ एवढ्या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर, म्हणजे ज्या दराने ती बँकांना उसने पैसे देते तो, ४ वरून साडेसहावर नेला, आणि २०१९ च्या ऑक्टोबरपासून बँकांची नवी बदलत्या दराची कर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला बांधलेली असल्यामुळे वाढ सरळ याच्या खात्यावर आली. सर्टिफिकेटवरून मी अंदाज केला. महिन्याचं व्याज साडेअठरा हजारांच्या पुढे आणि मुद्दल सहाशेच्या घरात. "अक्का, हप्ता तर तेवढाच आहे की," तो म्हणाला. मी म्हटलं, "तेच तर."

त्याला त्याच दिवशी बँकेत पाठवलं. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढून दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, ही निवड कर्जदाराला द्यायला सांगितलं. आमच्या वेळी हे असतं तर तारेला चौथं पत्र टोचलं असतं, असं हे म्हणतात. असो. त्या पोराने हप्ता वाढवून घेतला. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून रेपो साडेसहावरून साडेपाचवर उतरला तेव्हा त्याला म्हटलं, आता हप्ता कमी करून घेऊ नकोस, चालतोय तसा चालू दे. ऐकलं त्याने. ज्यांचं कर्ज फार जुन्या पद्धतीच्या दराला बांधलेलं आहे त्यांनी तर बँकेत जाऊन विचारायलाच हवं, थोडी फी भरून नव्या दरावर येता येतं. आपोआप कुणी आणत नाही.

कर वाचतो, हे तर ऑफिसात रोज ऐकते. "व्याज जाऊ दे मॅडम, तेवढा टॅक्स वाचतो." जुन्या करप्रणालीत, स्वतः राहत असाल तर, वर्षाला २ लाखांपर्यंतच्या व्याजाची वजावट मिळते. वीस टक्क्यांच्या टप्प्यात असाल तर ४१,६०० रुपये वाचले. ते वाचवायला खिशातून २ लाख गेले. वडे तळायला किलोभर तेल ओतून झाऱ्याला लागलेलं परत बरणीत झटकावं, तसं. आणि नव्या करप्रणालीत स्वतः राहता त्या घरावर हेही मिळत नाही.

सँक्शन लेटरमध्ये, म्हणजे कर्जमंजुरीच्या पत्रात, कर्जाबरोबर विम्याचा एकरकमी हप्ता मिसळलाय का, तेही बघा. ८० हजारांचा हप्ता कर्जात धरला तर साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांत १ लाख ६६ हजार होतो. विमा हवाच, नको म्हणत नाही. वेगळा घ्या. घर बांधकामात असेल तर ताबा मिळेपर्यंत सुटलेल्या रकमेवर नुसतं व्याज आणि वर घरभाडं, दोन्ही भरायची तयारी ठेवा.

मग घर स्वतःच खायला लागतं, ते कोणत्याही तक्त्यात नसतं. आमच्याकडे मुख्य खाणं पाण्याचं. उजनी धरण भरलं म्हणून पेपरात फोटो येतो आणि नळाला पाणी काही दिवसांआड. त्यामुळे सोलापुरात घर घेणं म्हणजे अर्धं टाक्या घेणं. जमिनीतली टाकी बिल्डरने दिली ती छोटी निघाली, वर्गणी काढून मोठी केली. मग गच्चीवर प्रत्येकाची वेगळी प्लास्टिकची. मग बोअर, मग बोअरची मोटर, मग बोअर आटला म्हणून टँकर. आम्ही वरच्या मजल्यावर, खाली स्वस्त मिळत नव्हतं म्हणून. एप्रिल-मे मध्ये छत असं तापतं की रात्री दोनला भिंतीला हात लावला तर शेगडीशेजारी उभं राहिल्यासारखं वाटतं. दर दोन-तीन वर्षांनी गच्चीला पांढरा रंग, वॉटरप्रूफिंग, कूलर. घरपट्टी, सोसायटीचा मेंटेनन्स. हे सगळं माझ्या वहीत वेगळ्या पानांवर आहे आणि त्या पानांची बेरीज मी मुद्दाम करत नाही.

उत्तर तर द्यायचंय. २००८ च्या जानेवारीपासून आम्ही हप्ता ७,५०० करून घेतला, आणि दर दिवाळीला यांच्या बोनसातून वीस-बावीस हजार वेगळे भरत गेलो. सात दिवाळ्या पोरांना कपडे एकेकच जोड. धाकटी अजून ऐकवते. फेब्रुवारी २०१५ मध्ये कर्ज मिटलं. बँकेला दिलेले एकूण ९ लाख ७९ हजार. आमचे १ लाख १० हजार. मुद्रांक, नोंदणी, वकील आणि बाकी कागदपत्रांचे ४८ हजार. म्हणजे ७ लाख १० हजारांचं घर ११ लाख ३७ हजारांना पडलं. तारेवरची पत्रं उपसली नसती, दर तिथेच राहिला असता आणि ४,८३४ चाच हप्ता मुकाट्याने भरत राहिलो असतो, तर नुसत्या कर्जाचेच २५ लाखांच्या वर गेले असते.

पण ११ लाख ३७ हजार हेही पुरतं खरं नाही, आणि हे मी व्याजाला शिव्या घालणाऱ्यांना सांगते. २००५ चे ४,८३४ रुपये म्हणजे आमचा अर्धा पगार. २०१४ चे ७,५०० भरताना तेवढं जाणवतही नव्हतं, कारण पगार वाढले होते आणि रुपया हलका झाला होता. दोन्ही एकाच बेरजेत मिळवायचे म्हणजे गहू आणि कोंडा एका मापात मोजणं. शिवाय भाड्याच्या घरात राहिलो असतो तर ती दहा वर्षं भाडं गेलंच असतं, ते त्यातून वजा कुणी करायचं? "२५ चे ५२ झाले, लुटलं" म्हणणारा माणूस हे धरत नाही, आणि "भाडं म्हणजे पाण्यात पैसे" म्हणणारा पहिल्या पाच वर्षांचा उतारा बघत नाही. मला दोघांशीही वाद घालायचा कंटाळा येतो.

टोकन द्यायला निघालेल्या त्या माणसाला मी त्याच्या माहितीपत्रकाच्या मागे २५ लाखांचे हेच आकडे लिहून दिले. तीन बेडरूमचा बघत होता. बराच वेळ कागदाकडे बघून त्याने विचारलं, "दोन बेडरूमचा घेतला तर कर्ज सतरापर्यंत येईल. त्याला हप्ता हाच ठेवला तर?" मी कॅल्क्युलेटर पुढे ओढला. साडेआठ टक्क्यांनी साधारण साडेनऊ वर्षं. तो टोकन न देता आधी घरी गेला, बायकोला विचारायला. पुढे काय झालं ते पुढच्या रिटर्नला कळेल.

आमची गच्चीवरची टाकी गेल्या आठवड्यात तडकली. नवी बसवून घेतली, प्लंबरसकट साडेअकरा हजार. वहीत मांडले.