एकट्याने माहितीपट करताय? आधी आवाज सांभाळा

चित्र थोडं हललं, दाणेदार आलं, तरी प्रेक्षक चालवून घेतो. आवाज फाटला की मात्र उठून जातो. तरीही प्रदूषित नदी, खाणी, कचराडेपो असल्या विषयांवर एकट्याने काम करणाऱ्यांचा सगळा जीव कॅमेऱ्यात अडकलेला. पैसे तोकडे असतील तर लेन्स भाड्याने आणा, माइक स्वतःचा घ्या.

कॉलर माइक हनुवटीपासून वीतभर खाली, छातीच्या मधोमध लावावा. गळ्याशी लावला तर आवाज घुसमटतो, शिवाय मान वळली की कमीजास्त होतो. सुती कपडा बरा. सिंथेटिक कपडा माइकवर घासला की जी खरखर येते ती नंतर साफ करणं महाकठीण, कारण ती बोलण्याच्याच फ्रिक्वेन्सीत मिसळलेली असते. वायरला एक सैल वेटोळं घालून ती टेपने आतून चिकटवा, म्हणजे ओढ थेट माइकवर येत नाही.

उघड्यावर फोमची टोपी म्हणजे नावापुरती. नदीकाठी, टेकडीवर केसाळ कव्हरच हवं, सोबत 80 ते 100 हर्ट्झचा लो-कट, म्हणजे त्याखालची घुमघुम कापणारा फिल्टर. पण वाऱ्याच्या दणक्याने सिग्नल एकदा क्लिप झाला, म्हणजे मर्यादेबाहेर जाऊन फाटला, की फिल्टरही हात टेकतो.

रेकॉर्डिंग 48 किलोहर्ट्झ, 24 बिटवर ठेवा. बोलणं चढेल तेव्हाही मीटर उणे 12 डेसिबलच्या आसपास राहू द्या. ऑटो गेन, म्हणजे आवाजाची पातळी आपोआप वरखाली करणारी सोय, बंद. माणूस बोलता बोलता थांबला की ऑटो गेन मागच्या पंपाची घरघर वर खेचतो, आणि नेमकं ते थांबणंच तर आपल्याला हवं असतं! मुलाखत संपल्यावर माइक न हलवता, रेकॉर्डिंग चालू ठेवून मिनिटभर सगळ्यांनी गप्प राहायचं. एडिटमध्ये कटच्या जागा याच आवाजाने सांधल्या जातात.

आपले प्रश्न फिल्ममध्ये नको असतील तर पूर्ण वाक्यात उत्तर मागा. नुसतं ‘पाच वर्षं’ कामाचं नाही. ‘विहिरीचं पाणी पाच वर्षांपासून पिवळं येतंय’ हवं.

खरी जोखीम असते ती ज्या कारखान्याबद्दल बोलायचं तिथेच नोकरी करणाऱ्याची. चेहरा ब्लर केला तरी आवाजावरून ओळखीची माणसं त्याला लगेच हेरतात. नुसती पिच, म्हणजे आवाजाची पट्टी, बदलून भागत नाही. ती उलट फिरवून मूळ आवाजाच्या बऱ्याच जवळ जाता येतं. त्याचे शब्द दुसऱ्याकडून बोलून घ्या आणि तसं पडद्यावर लिहा. चेहऱ्यासाठी मागून प्रकाश देऊन काळ्या आकृतीतच शूट करा, म्हणजे ब्लर न केलेली मूळ फाइल तयारच होत नाही. हातावरचं गोंदण, भिंतीवरचा फोटो फ्रेमबाहेर ठेवा, कॅमेऱ्याचं जीपीएस बंद करा. संमती आधी घेतली असली तरी अंतिम कट दाखवून पुन्हा विचारा. आणि खऱ्या नावाने सही केलेला संमतीचा कागद फुटेजच्या हार्ड डिस्कसोबत एकाच बॅगेत कधीही ठेवू नका.